फुजीच्या उतारावरचे दोन किल्ले: कला दिग्दर्शक योशिरो मुराकी

तिशी नुकती ओलांडलेल्या एका कला दिग्दर्शकापुढे १९५६ साली एक अवघड काम आलं. शेक्सपिअरच्या 'मॅकबेथ'वरून चित्रपट करायचा होता. कथा जपानच्या यादवीच्या काळात नेलेली होती आणि तिच्यातला किल्ला हेच जवळपास मुख्य पात्र होतं, कारण नायकाला तो हवा असतो आणि शेवटी तोच नायकाला गिळतो. हा किल्ला कुठे उभारायचा, कशाचा उभारायचा आणि त्यातला किती भाग प्रत्यक्षात बांधायचा? कला दिग्दर्शकाचं नाव योशिरो मुराकी, दिग्दर्शक अकिरा कुरोसावा आणि कंपनी टोहो. चित्रपट जानेवारी १९५७ मध्ये प्रदर्शित झाला. त्याचं जपानी नाव 'कुमोनोसु-जो', म्हणजे कोळ्याच्या जाळ्याचा किल्ला. जगभर तो 'थ्रोन ऑफ ब्लड' म्हणून ओळखला जातो.

मुराकींचं काम पन्नासहून जास्त वर्षांचं आहे. त्यांच्याबद्दल लिहिताना बहुतेक जण सेटच्या भव्यतेपाशी थांबतात. मला त्यांचं मोठेपण दुसरीकडे दिसतं. कुठली गोष्ट खरीच असायला हवी आणि कुठली फक्त खरी दिसली तरी पुरे, याचा निवाडा ते प्रत्येक चित्रपटात नव्याने करत. कोळ्याच्या जाळ्याच्या किल्ल्यात हा निवाडा पायरीपायरीने तपासता येतो, म्हणून अभ्यासासाठी हेच प्रकरण घेतलं आहे.

आधी थोडी पार्श्वभूमी. मुराकींचा जन्म १९२४ चा. १९४४ मध्ये, युद्ध ऐन भरात असताना, ते टोहोत लागले. पुढची दहा वर्षं त्यांनी साहाय्यक म्हणून काढली. ज्येष्ठ कला दिग्दर्शक ताकाशी मात्सुयामा यांच्या हाताखाली ते हे काम शिकले. 'राशोमोन', 'इकिरू' आणि 'सेव्हन सामुराय' हे मात्सुयामांचे चित्रपट.

त्या पिढीला सेट आणि पैसा यांचं नातं फार लवकर कळलं होतं. कुरोसावांचा १९४८ चा 'ड्रंकन एंजल' निघाला तोच मुळी एका उरलेल्या सेटमुळे. काजिरो यामामोटो यांच्या चित्रपटासाठी काळ्या बाजाराची एक मोठी पेठ उभारलेली होती. तिच्यावर आणखी एखादा चित्रपट करता येईल का, असं कंपनीने विचारलं आणि त्यातून पुढचं सगळं घडलं. 'राशोमोन'च्या वेळी उलटा प्रकार झाला. कुरोसावांनी दाएई कंपनीला सांगितलं होतं की मोकळ्या जागेवर एकच सेट लागेल, बाकी सगळं जंगलात. मग वेशीचं ते अजस्र प्रवेशद्वार उभं राहिलं. एवढ्या पैशात साधे शंभर सेट झाले असते, अशी तक्रार कंपनीच्या मात्सुतारो कावागुची यांनी नंतर केल्याचं कुरोसावांनीच लिहून ठेवलं आहे. त्या दरवाजाचं छप्पर पडकं दिसतं त्यामागेही हिशोब होता. पूर्ण छप्पर घातलं असतं तर त्या वजनाने खांब वाकले असते.

मुराकींनी स्वतंत्रपणे कला दिग्दर्शन केलेला कुरोसावांचा पहिला चित्रपट १९५५ चा, अणुबॉम्बच्या भीतीने घेरलेल्या एका कारखानदाराची गोष्ट. कुरोसावा तेव्हा एकाच प्रसंगावर एकाहून अधिक कॅमेरे लावून चित्रण करू लागले होते. प्रेक्षकांच्या दृष्टीने ही तांत्रिक बाब, पण कला दिग्दर्शकाच्या कामाचं स्वरूपच तिने बदलतं. एक कॅमेरा असेल तर समोरची बाजू रंगवली की भागतं, मागे बांबू आणि फळ्या उघड्या राहिल्या तरी कुणाला दिसत नाहीत. तीन बाजूंनी कॅमेरे लागले की खोली खोलीसारखीच बांधावी लागते आणि कोपरे लपवायला जागा उरत नाही. किल्ल्याच्या कामाला हात घालण्याआधी मुराकींचा हात या सवयीत घडला होता.

आता प्रत्यक्ष किल्ला. किल्ला म्हटलं की मराठी माणसाच्या डोळ्यांपुढे कातळ, तट आणि बुरूज येतात. जपानी किल्ल्याची घडण वेगळी. खाली दगडी चौथरा आणि वर लाकूड, माती, चुना, कौलं. म्हणजे वरचं सगळं जळणारं. आज पर्यटक जे किल्ले पाहायला जातात ते बहुतेक उंच, मजल्यावर मजले चढवलेले आणि पुष्कळदा पांढरेशुभ्र. हिमेजीचा प्रसिद्ध मुख्य मनोरा १६०९ मध्ये पुरा झाला, म्हणजे यादवीचा काळ संपत आल्यावर. चित्रपटाची गोष्ट त्याच्या आधीची.

मुराकी आणि कुरोसावा यांनी जुन्या, खरोखर जुन्या किल्ल्यांचे आराखडे अभ्यासले. सल्लागार म्हणून चित्रकार कोहेई एझाकी सोबत होते. अभ्यासातून पहिला निर्णय झाला तो पांढरा किल्ला नको असा. भिंती काळ्या, चिलखत चढवल्यासारख्या, आणि सगळी बांधणी बसकी. याचं कारण इतिहासापेक्षा चित्रात जास्त होतं. त्यांना जपानी शाईचित्रांचा परिणाम हवा होता. त्या चित्रांत काळ्या शाईचे थोडे फटकारे असतात आणि बाकी कागद कोरा. पडद्यावर कोऱ्या कागदाची जागा धुकं घेणार होतं आणि शाईची जागा किल्ल्याच्या भिंती. चित्रपट कृष्णधवल होता, त्यामुळे ही कल्पना थेट छायाचित्रणात उतरवता येत होती. असाकाझू नाकाईंच्या कॅमेऱ्यातून तो किल्ला धुक्यातून वर येतो, तेव्हा आधी एक काळी रेघ दिसते, मग तिचा दरवाजा होतो.

इतका अभ्यास करूनही जो किल्ला झाला तो इतिहासातल्या कुठल्याही एका काळातला नव्हता, हे मुराकींनी स्वतः मोकळेपणाने सांगितलं आहे. मला हे कबूल करणं फार महत्त्वाचं वाटतं. ऐतिहासिक चित्रपटाच्या कला विभागावर अचूकतेचं ओझं असतं, आणि अभ्यास कमी असेल तर ते ओझं जास्त जाणवतं. मुराकींनी अभ्यास पुरता केला, म्हणून कुठे सोडायचं हे त्यांना ठरवता आलं.

दुसरा निर्णय जागेचा. बाहेरचा किल्ला फुजी पर्वताच्या उतारावर उंच बांधायचा ठरला. पर्वत दाखवायचा म्हणून तिथे कुणी गेलं नव्हतं, तो चित्रपटात दिसतच नाही. हवी होती ती खुरटलेली, ओसाड जमीन, सतत उतरणारं धुकं आणि काळी माती. फुजीचा शेवटचा उद्रेक १७०७ सालचा, आणि त्या वेळी बाहेर पडलेला काळा, सच्छिद्र, खडेदार थर आग्नेय उतारावर आजही पसरलेला आहे. कृष्णधवल फिल्मवर ही जमीन जवळजवळ शाईसारखी उमटते. भिंत काळी, जमीन काळी, मध्ये धुक्याचा पांढरा पडदा. जागा निवडली तेव्हाच अर्धं नेपथ्य तयार झालं होतं.

धुक्याने आणखी एक गोष्ट साधली. किल्ला सबंध, लख्ख असा चित्रपटात फारसा दिसतच नाही. दरवाजा दिसतो, तटाचा एखादा पट्टा दिसतो, वरून झुकलेला सज्जा दिसतो, उरलेला किल्ला पाहणारा मनात बांधून घेतो. निर्मितीच्या दृष्टीने हा किती शहाणपणाचा सौदा आहे ते पाहा. धुक्याचं मोल पडत नाही आणि न दिसणारा भाग बांधावा लागत नाही.

अर्थात बाकी सगळ्याचं मोल पडलं. टोकियोपासून जागा दूर, माणसं अपुरी, उतार तीव्र. जमीन साफ करण्यापासून काम होतं. जवळच अमेरिकन मरीन दलाचा तळ होता. तिथल्या सैनिकांनी आणि लष्करी पोलिसांच्या एका तुकडीने हातभार लावला तेव्हा कुठे किल्ला उभा राहिला. त्या धुकट उतारावरच्या श्रमांनी सगळे आजारी पडायच्या बेतात आले होते, असं कुरोसावा सांगत. जपानवरचा अमेरिकी ताबा संपून चारच वर्षं झाली होती आणि अमेरिकन सैनिक जपानी सरदाराचा किल्ला उभारायला लाकडं वाहत होते. या प्रसंगावर स्वतंत्रपणे लिहायला हवं.

तिसरा निर्णय मला या प्रकरणाचा गाभा वाटतो. किल्ल्याचं आतलं मोठं आवार फुजीवर बांधलेलं नव्हतं. ते टोकियोत, टोहोच्या स्टुडिओत उभारलं. आता प्रश्न आला मातीचा. टोकियोच्या परिसरातली माती तांबूस तपकिरी, जुन्या ज्वालामुखी राखेची. फिल्मवर तिचा करडा रंग वेगळा पडणार. दरवाजाबाहेर घोडा काळ्या मातीवरून दौडतो आणि आत शिरताच जमीन फिकी होते, तर पाहणाऱ्याला कारण सांगता आलं नसतं, पण काहीतरी बिनसलंय हे कळलं असतं. म्हणून फुजीवरची काळी माती टोकियोला आणून आवारात पसरली गेली.

पैसे मोजणाऱ्या माणसाला ही चैन वाटेल. माझ्या मते ती चैन नव्हती. फुजीवरचा दरवाजा आणि टोकियोतलं आवार यांच्यामध्ये मोठं अंतर होतं आणि ते बुजवायला मातीशिवाय दुसरं साधन नव्हतं. भिंत रंगवून जुळवता येते. माती तशी जुळवता येत नाही, कारण ती उडते, टापांखाली दबते, पावसात चिकट होते, कपड्यांना लागते. जे हलतं ते खरं हवं आणि जे स्थिर उभं राहतं ते रंगवून चालेल, असा नियम मुराकींनी कुठे लिहून ठेवला असेल असं नाही, पण या किल्ल्यात तो पाळलेला दिसतो. नायक वॉशिझूचा वाडा तर आणखी तिसऱ्याच ठिकाणी, इझू द्वीपकल्पात चित्रित झाला. जंगलाचे प्रसंग काही फुजीच्या खऱ्या रानात, काही स्टुडिओत. पाहताना यातला एकही सांधा जाणवत नाही.

चौथा निर्णय आतल्या दालनांचा. दालनं रुंद, छत खाली, खांब जाड आणि ठेंगणे. हे जाणूनबुजून केलं होतं, माणूस दडपला जावा म्हणून. चित्रपटाची चौकट तेव्हा अजून जुन्या पद्धतीची, जवळजवळ चौकोनी होती. रुंद पडदा कुरोसावांनी पुढच्याच वर्षी 'हिडन फोर्ट्रेस'मध्ये पहिल्यांदा वापरला. चौकोनी चौकटीत रुंद दालन बसवायचं तर कॅमेरा मागे न्यावा लागतो, आणि मागे नेला की वरचं छत चौकटीत शिरतं. वॉशिझूचं काम करणारा तोशिरो मिफुनेसारखा धगधगता नट अशा दालनात येरझारा घालतो तेव्हा पिंजरा आपोआप तयार होतो. संवादात तो सांगावा लागत नाही. इसुझू यामादांची आसाजी, म्हणजे वॉशिझूची बायको, मात्र त्याच दालनात निश्चल बसते, जपानच्या जुन्या 'नो' रंगभूमीवरच्या पात्रासारखी. नोचा रंगमंच रिकामा असतो, म्हणून इथल्या खोल्याही रिकाम्या, गुळगुळीत फळ्यांच्या. वस्तू कमी असल्याने प्रत्येक वस्तूला वजन येतं. बंड करणाऱ्या फुजीमाकीने ज्या खोलीत जीव दिला, तिथल्या फळ्यांवरचा धुऊनही न गेलेला रक्ताचा डाग हा त्या रिकामेपणातला सगळ्यात मोठा आवाज आहे.

शेवटच्या प्रसंगात वॉशिझूवर त्याचेच सैनिक बाण सोडतात. तिरंदाजी शिकलेल्या माणसांनी खरे बाण मारले होते. तो ज्या अरुंद सज्जात अडकलेला असतो, त्याच्या मागची फळ्यांची भिंत बाण झेलून झेलून काटेरी होते. तो सेट बाण खाण्यासाठीच बांधला होता, म्हणून तो प्रसंग उभा राहिला.

या चित्रपटाच्या निर्मितीची कथाही सांगायला हवी, कारण कला दिग्दर्शकाचे हात शेवटी निर्मात्याने मोकळे ठेवावे लागतात. निर्माते म्हणून कुरोसावा आणि सोजिरो मोटोकी यांची नावं आहेत. कुरोसावांचा मूळ बेत फक्त निर्मितीचा होता, दिग्दर्शन दुसऱ्या तरुणाला द्यायचं होतं. पटकथा हाती आली, खर्चाचा अंदाज आला आणि टोहोने दिग्दर्शनही तुम्हीच करा म्हणून सांगितलं. माती वाहून आणण्याची परवानगी देणारा आणि ती मागणारा असे दोघे जवळजवळ एकच झाले. पण पैसा कंपनीचाच राहिला, आणि तो ताण साठत गेला. १९५९ मध्ये कुरोसावांना स्वतःची निर्मिती संस्था काढावी लागली, म्हणजे खर्चाची जोखीम त्यांच्याही अंगावर यावी.

आपल्याकडे प्रभात कंपनीत साहेबमामा फत्तेलाल कला दिग्दर्शक होते आणि कंपनीचे भागीदारही. सेट किती मोठा करायचा हा प्रश्न तिथे एकाच माणसाच्या डोक्यात सुटत असे. मुराकी आयुष्यभर दुसऱ्याच्या पैशावर काम करणारे होते. खर्च मंजूर करून घेणं त्यांच्या हातात नव्हतं. जे मंजूर झालं त्यातून जास्तीत जास्त काढणं त्यांच्या हातात होतं, आणि त्याचीच जाण त्यांच्या कामात पक्की होत गेली.

ती जाण कधी उलट दिशेनेही गेली. १९६५ च्या 'रेड बिअर्ड'साठी जुन्या एदो शहरातला दवाखाना आणि भोवतालची वस्ती उभारली. कौलं शंभरहून जास्त वर्षं जुन्या घरांची, लाकूड जुन्या शेतघरांचं, आणि अंथरुणं चित्रणाआधी कित्येक महिने माणसांनी खरोखर वापरलेली. हे सगळं बघायला पर्यटकांच्या बसगाड्या येत. एवढं करून मुख्य रस्ता पडद्यावर दिसतो जेमतेम मिनिटभर. फुजीवर धुक्याने वाचवलेला खर्च इथे दुपटीने वसूल झाला, असंच म्हणावं लागेल. पण या चित्रपटाचा विषय आहे गरिबांच्या अंगाखालची चटई आणि तिचा वास. तिथे खोटं चाललं नसतं, असं मलाही वाटतं. तरीही तो रस्ता मला जास्तीचा वाटतो.

पाच वर्षांनी 'दोदेस्काडेन'मध्ये त्यांनी पुन्हा पारडं फिरवलं. कचऱ्याच्या मैदानावरची ती झोपडवस्ती कुरोसावांच्या पहिल्या रंगीत चित्रपटात आली आणि तिथे जमिनीला चक्क रंग लावला गेला. काम महिनाभरात उरकलं. दरम्यान अमेरिकन कंपनीच्या 'तोरा! तोरा! तोरा!'साठी जपानच्या क्यूशू बेटावरच्या आशिया नावाच्या गावच्या किनाऱ्यावर नागातो युद्धनौका पूर्ण आकारात आणि आकागी विमानवाहू जहाजाचा मोठा भाग उभा राहिला. कुरोसावा त्या चित्रपटातून मध्येच बाहेर पडले, मुराकींचं काम राहिलं आणि त्याला ऑस्करचं नामांकन मिळालं.

मग १९८५. चित्रपट 'रान' (जपानीत अर्थ अनागोंदी), आधार पुन्हा शेक्सपिअरचा, या वेळी 'किंग लिअर'. निर्माते फ्रान्सचे सर्ज सिल्बरमान आणि जपानचे मासातो हारा. मुराकी साठीत पोचलेले. म्हाताऱ्या हिदेतोराचे तीन किल्ले तीन मुलांकडे. पहिल्या दोनांसाठी हिमेजी आणि कुमामोतो इथले खरे किल्ले वापरले. अठ्ठावीस वर्षांपूर्वी नको म्हटलेला पांढरा मनोरा आता चालला, कारण चित्रपट रंगीत होता, तिन्ही घराण्यांना स्वतंत्र रंग दिलेले होते आणि हवं होतं ते ऐश्वर्य. शाईचित्राचा हेतू इथे नव्हता.

तिसरा किल्ला मात्र जाळायचा होता, आणि हिमेजी तर जाळता येत नाही. म्हणून मुराकी पुन्हा फुजीच्या उतारावर गेले. त्याच काळ्या जमिनीवर नवा किल्ला बांधला गेला, जाळण्यासाठी. लहान प्रतिकृती वापरून चित्रण करण्याचा मार्ग त्यांनी घेतला नाही. प्रसंग असा की हिदेतोरा, म्हणजे तात्सुया नाकादाई, पेटलेल्या मनोऱ्यातून जिना उतरून बाहेर येतो, दोन्ही बाजूंना शत्रूची फौज, आणि तो मधून चालत जातो. किल्ला एकच होता, त्यामुळे दुसरा टेक नव्हताच. नाकादाईंना पायरी चुकवायची मुभा नव्हती.

कला दिग्दर्शकाच्या बाजूने पाहिलं तर हे बांधकाम विलक्षण अडचणीचं आहे. इमारत पेटायला हवी, पण नट आत असेपर्यंत ढासळायला नको. ज्वाळा वर आणि मागे दिसायला हव्यात, जिना शाबूत राहायला हवा. धूर हवा, पण चेहरा झाकणारा नको. १९५७ च्या सज्जाने बाण झेलले, १९८५ च्या किल्ल्याने आग झेलली. दोन्ही वास्तूंचा आराखडा ठरला तो त्यांचं शेवटी काय होणार यावरून.

'रान'च्या कला दिग्दर्शनाच्या ऑस्कर नामांकनात योशिरो मुराकींबरोबर शिनोबू मुराकी यांचंही नाव आहे. त्या योशिरोंच्या पत्नी, आणि स्वतंत्रपणे काम करणाऱ्या कला दिग्दर्शक. कोन इचिकावांच्या 'द माकिओका सिस्टर्स'मधली ओसाकाच्या श्रीमंत घराण्याची घरं त्यांची. 'दोदेस्काडेन'मध्येही त्या होत्या. मुराकींच्या कामावर लिहिलं जातं तेव्हा शिनोबूंचा उल्लेख एका ओळीत आटोपतो. हा मोठा अन्याय आहे आणि तो जपानी चित्रपट-अभ्यासकांनीच दुरुस्त करायला हवा.

योशिरो मुराकींना एकूण चार नामांकनं मिळाली. त्यांतलं पहिलं, 'योजिम्बो'चं, वेशभूषेसाठी होतं. बाकीची 'तोरा! तोरा! तोरा!', 'कागेमुशा' आणि 'रान' यांच्या कला दिग्दर्शनासाठी. ऑस्कर मात्र एकदाही मिळालं नाही.

एवढी वर्षं एकाच दिग्दर्शकाबरोबर काढल्यावर कुठली कल्पना कुणाची हा प्रश्न उरतोच. कुरोसावा स्वतः चित्रकार होते, 'कागेमुशा' आणि 'रान'ची दृश्यं त्यांनी आधी रंगवून ठेवली होती. त्यामुळे मुराकींनी फक्त ती चित्रं लाकडात उतरवली असं म्हणणारे आहेत. त्यांनी १९९९ चा 'आफ्टर द रेन' पाहावा. कुरोसावा १९९८ मध्ये गेले होते, मागे राहिली ती पटकथा. दिग्दर्शन त्यांचे साहाय्यक ताकाशी कोइझुमी यांनी केलं. पावसाने नदीला पूर आला म्हणून गरीब प्रवासी एका धर्मशाळेत अडकून पडतात, एवढाच पसारा. मुराकींनी ती धर्मशाळा अशी बांधली की माणसं एकमेकांना खेटून बसतात, तरी उबेला येतात आणि गातात. इथे दाटी आहे, दडपण नाही. पंचाहत्तरीतल्या माणसाने हे काम केलं आणि त्यासाठी त्यांना जपान अकादमीचा कला दिग्दर्शनाचा पुरस्कार मिळाला.